व्यथित कोण?

निकालाचा कागद हाती आला की घरात एकच चर्चा सुरू होते: साहेबांनी बरोबर केले की चूक. कपाटातली फाइल पुन्हा खाली उतरते, जुन्या पावत्या शोधल्या जातात, कोणीतरी ओळखीचा वकील सुचवतो आणि अपिलाची तयारी लागते. पण पहिल्या तारखेला समोरचा वकील उठतो, तो निकालाबद्दल एक अक्षर बोलत नाही. तो म्हणतो, "साहेब, आधी लोकसचा मुद्दा. हे अपील करणारे कोण?" लोकस म्हणजे दाद मागण्याचा अधिकार.

भंडाऱ्याच्या माणसासाठी ही पहिली तारीख बहुधा नागपुरात असते. सहायक निबंधकाने किंवा जिल्हा उपनिबंधकाने दिलेल्या आदेशावर महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १५२ खाली अपील करायचे, तर सहसा विभागीय सहनिबंधकांकडे जावे लागते. साठेक किलोमीटर जायचे, दुपारपर्यंत बाकावर बसायचे, आणि "तुम्हाला अपिलाचा अधिकारच नाही" एवढे ऐकून परतीची एसटी धरायची. निकाल खरा होता की खोटा, हे त्या दिवशी कोणी पाहिलेलेच नसते. माणसे मुद्द्यावर हरली तर त्याचे दुःख पचते. दारातच हरली तर ते आयुष्यभर सलते. म्हणून या प्रकरणात फक्त त्या दाराबद्दल बोलायचे आहे.

कायद्याच्या मराठीत एक शब्द आहे, 'व्यथित'. निर्णयामुळे व्यथित झालेल्या व्यक्तीला अपील करता येईल, अशी ती वाक्यरचना. शब्द मोठा हळवा आहे, आणि त्यामुळेच तो फसवतो. आपल्या रोजच्या बोलण्यात व्यथा म्हणजे मनाला लागलेली गोष्ट. शेजाऱ्याने संस्थेच्या मोकळ्या जागेत गोठा घातला, सचिवाने सभेत अपमान केला, अध्यक्षाने आपल्या मेहुण्याला कंत्राट दिले, या सगळ्यांनी माणूस व्यथित होतोच. कायद्याला ती व्यथा मोजता येत नाही. त्याला विचारायचे असते की या आदेशाने तुमचा कोणता हक्क कापला गेला, तुमच्याकडून काय काढून घेतले गेले, किंवा मिळायला हवे होते ते काय नाकारले गेले. इंग्लंडच्या न्यायालयाने १८८० मध्ये दिवाळखोरीच्या एका प्रकरणात ही व्याख्या बांधली. निराश झालेला किंवा फायदा हुकलेला माणूस व्यथित नव्हे, ज्याचे कायदेशीर नुकसान झाले तो व्यथित. ही व्याख्या आपल्याकडच्या निकालपत्रांत आजही येते.

आता हे आपल्या गावात आणून पाहू.

भंडारा, तुमसर, साकोली, पवनी अशा गावांत गृहनिर्माण संस्था म्हटले की मुंबईसारखी लिफ्टची इमारत डोळ्यांपुढे आणू नका. आपल्याकडे संस्था म्हणजे बहुधा लेआउट. मास्तर, तलाठी, बँकेतले कारकून, जवाहरनगरच्या आयुध निर्माणीतले कामगार असे नोकरदार एकत्र यायचे, गावाबाहेरची धानाची बांधी विकत घ्यायचे, ती अकृषक करून घ्यायचे, रस्ते आखायचे, प्लॉट पाडायचे आणि चिठ्ठ्या टाकून वाटून घ्यायचे. पुढे कोणी घर बांधले, कोणी बदलीच्या गावी गेला, कोणी मुलीच्या लग्नाला प्लॉट विकला.

समजा, अशाच एका लेआउटमधला एक प्लॉट मूळ सभासदाने एका शिक्षिकेला विकला. रजिस्ट्री झाली, फेरफार झाला, नगर परिषदेचा कर तिच्या नावाने येऊ लागला. घर उभे राहिले, अंगणातली आंब्याची कलमे फळाला आली. भागपत्र मात्र मूळ मालकाच्या लोखंडी पेटीतच राहिले. हे भागपत्र हातात घेऊन नीट पाहावे असे आहे. पुढच्या बाजूला संस्थेचे नाव, नोंदणी क्रमांक, भागांची संख्या आणि मूळ सभासदाचे नाव. मागच्या बाजूला एक तक्ता असतो: हस्तांतराची तारीख, ठरावाचा क्रमांक, कोणाकडून कोणाकडे, खाली अध्यक्ष-सचिवांच्या सह्या आणि संस्थेचा गोल शिक्का. आपल्या शिक्षिकेच्या प्लॉटच्या भागपत्रावर तो तक्ता कोरा आहे. तिने कधी मागितले नाही, संस्थेने कधी विचारले नाही. वर्गणी ती भरते, पण पावतीवर सचिव मूळ मालकाचेच नाव लिहितो, कारण त्याच्या वहीत तेच नाव आहे.

एके दिवशी संस्था ठराव करते की लेआउटमधली मोकळी जागा दोन प्लॉट पाडून विकायची. ती जागा बाईंच्या दारासमोर आहे. त्या निबंधक कार्यालयात अर्ज देतात, अर्ज फेटाळला जातो, त्या अपिलात जातात. आणि तिथे तो प्रश्न येतो. सभासदांच्या नोंदवहीत यांचे नाव दाखवा.

रजिस्ट्रीने त्या जमिनीच्या मालक झाल्या, संस्थेच्या सभासद झाल्या नाहीत. या दोन गोष्टी वेगळ्या आहेत हे आपल्या लोकांना कोणी सांगत नाही, आणि माझ्या मते जिल्ह्याच्या गावांत माणूस अपिलाच्या दारातच अडतो, त्याचे मोठे कारण हेच आहे.

पण बाईंची वाट पूर्ण बंद झालेली नाही. इथे कायद्याचे शब्द एकेक करून वाचावे लागतात, कारण अपिलाच्या प्रत्येक कलमाने दार वेगळ्या मापाचे केले आहे.

पहिले कलम २३. सभासदत्व नाकारले गेलेली 'कोणतीही व्यक्ती' निबंधकाकडे अपील करू शकते. या अपिलासाठी सभासद असण्याची अट नाही, असूही शकत नाही, कारण भांडण सभासद करून घेण्याचेच आहे. बाहेरच्या माणसासाठी ठेवलेला हा दरवाजा आहे. निबंधकाने असे अपील शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावे असे कायदा म्हणतो, आणि तो निर्णय अंतिम मानला आहे. म्हणजे त्यावर दुसरे अपील नाही. पुढे पुनरीक्षणाची किंवा उच्च न्यायालयात, आपल्यासाठी नागपूर खंडपीठात, रिट याचिकेची वाट धरली जाते. बाईंनी मोकळ्या जागेवरून भांडण्याआधी सभासदत्वाचा अर्ज द्यायला हवा होता. अर्ज दिला आणि संस्था तीन महिने गप्प बसली, तर कलम २२ प्रमाणे त्या सभासद झाल्या असे मानले जाते. मात्र त्यासाठी अर्ज पोहोचल्याची तारीख सिद्ध करावी लागते.

दुसरे कलम ९७. इथे शब्द बदलतो. संस्थेची घटना, निवडणूक, सभा, व्यवस्थापन किंवा व्यवहार यांसंबंधीचे वाद कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जातात, आणि त्या निकालावर 'व्यथित पक्षकार' दोन महिन्यांच्या आत सहकार अपील न्यायालयात जाऊ शकतो. कलम २३ मध्ये 'व्यक्ती' होती, इथे 'पक्षकार' आहे. मूळ दाव्यात तुमचे नाव वादी किंवा प्रतिवादी म्हणून नव्हते, तर केवळ निकालाने तुमचे नुकसान झाले एवढे पुरत नाही. आधी परवानगी मागावी लागते. जो पक्षकार नव्हता पण ज्याचा हक्क निकालाने प्रत्यक्ष बाधित होतो, त्याने न्यायालयाची अनुमती घेऊन अपील करावे, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने दिवाणी प्रकरणांत वारंवार मान्य केले आहे. अनुमती मागण्याचा स्वतंत्र अर्ज न जोडता थेट अपील टाकणे ही नेहमी होणारी चूक आहे.

बाईंना कलम ९१ चे दार मात्र उघडे आहे, याकडे लक्ष द्या. तिथे वाद कोणाकोणात असावा याची यादी दिली आहे, आणि त्या यादीत सभासद, माजी सभासद यांच्याबरोबर 'सभासदामार्फत हक्क सांगणारी व्यक्ती' असेही शब्द आहेत. प्लॉट मूळ सभासदाकडून विकत घेतला, म्हणजे हक्क त्याच्यामार्फतच आला. कोरे भागपत्र असूनही हा एक धागा त्यांच्या हाती उरतो. चांगला वकील अर्जाच्या पहिल्या परिच्छेदात तोच धागा धरतो.

तिसरे कलम १५२. निबंधकाच्या कोणकोणत्या आदेशांवर अपील चालेल याची लांबलचक यादी त्यात आहे: नोंदणी, उपविधी दुरुस्ती, सभासदाची हकालपट्टी, समितीची बरखास्ती वगैरे. मुदत आदेश कळवल्यापासून दोन महिने. पण अपील कोणी करायचे, याबद्दल हे कलम गप्प आहे. म्हणून काही जण समजतात की कोणीही करावे. तसे होत नाही. कलम मुके असले तरी अपील ऐकणारा अधिकारी त्यात 'व्यथित' हा शब्द वाचतोच.

हकालपट्टीचे उदाहरण घ्या. सर्वसाधारण सभेने तीन-चतुर्थांश बहुमताने एका सभासदाला काढण्याचा ठराव केला. कलम ३५ प्रमाणे त्याला निबंधकाची मंजुरी लागते. मंजुरी दिली तर काढलेला सभासद व्यथित. नाकारली तर संस्था व्यथित. आणि ज्या शेजाऱ्याने दहा वर्षे त्या माणसाचा त्रास सोसून ही तक्रार उभी केली, तो? त्याची व्यथा सगळ्यात खरी, पण अपील त्याचे नाही. त्याचा आवाज संस्थेच्या आवाजातूनच जायला हवा. संस्था अपील करते तेव्हा तिच्या बाजूने सही करणाऱ्याच्या हातात समितीचा ठराव असावा लागतो. ठरावाची शिक्का मारलेली नक्कल जोडलेली नसेल, तर अध्यक्ष स्वतःच्या खिशातले पैसे खर्चून आले आहेत की संस्थेच्या वतीने, असा प्रश्न विचारला जातो.

बरखास्त समितीचे तसे नाही. निबंधकाने समिती दूर करून प्रशासक बसवला, तर तो प्रशासक आपल्याच नेमणुकीविरुद्ध अपील करणार नाही. तिथे काढलेले समिती सदस्य स्वतःच्या नावाने उभे राहू शकतात, कारण पद त्यांचे गेले आहे.

चौथे कलम १५४, म्हणजे पुनरीक्षण. शासन किंवा निबंधक आपण होऊन किंवा अर्जावरून हाताखालच्या अधिकाऱ्याचे दप्तर मागवून तपासू शकतो. 'आपण होऊन' हे शब्द मोलाचे आहेत. अपील हा तुमचा हक्क असतो, तर पुनरीक्षण हा वरिष्ठाचा अधिकार असतो आणि तुम्ही फक्त त्याचे लक्ष वेधता. त्यामुळे लोकसचा प्रश्न इथे थोडा सैल होतो. मात्र थकबाकीच्या वसुली दाखल्याविरुद्ध पुनरीक्षण मागायचे असेल तर आधी एकूण रकमेच्या निम्मे पैसे भरावे लागतात. अर्ध्या पैशांची सोय नसलेल्या माणसासाठी तो सैल दरवाजा पुन्हा घट्ट होतो, आणि ही अट मला कठोर वाटते.

'व्यथित' या शब्दाची सर्वोच्च न्यायालयातली गाजलेली लढाई महाराष्ट्रातूनच गेली, आणि तिचा निकाल नागपूरशी नाते असलेल्या न्यायमूर्तींनी दिला. एका वकिलाविरुद्धची शिस्तभंगाची कारवाई राज्य बार कौन्सिलच्या समितीने सोडून दिली. राज्याचे महाअधिवक्ता एच. एम. सिरवई यांनी त्यावर भारतीय बार कौन्सिलकडे अपील केले. सिरवई म्हणजे राज्यघटनेचे जाडजूड भाष्य लिहिणारे थोर विधिज्ञ, आणि त्या कारवाईची नोटीस कायद्यानेच त्यांना द्यावी लागत होती. तरीही १९७० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तीन विरुद्ध दोन अशा बहुमताने ठरवले की महाअधिवक्ता 'व्यथित व्यक्ती' नाहीत. त्यांचे म्हणणे ऐकले जाईल, पण आदेशाने त्यांचे स्वतःचे काही गेले नाही. सरन्यायाधीश होते एम. हिदायतुल्ला. नागपुरात वकिली केलेले आणि नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती झालेले. भंडारा जिल्ह्याची अपिले त्या काळी त्याच न्यायालयात जात. पुढे संसदेनेच कायदा दुरुस्त करून महाअधिवक्त्याला अपिलाचा हक्क शब्दांत लिहून दिला. एवढ्या मोठ्या पदाच्या माणसालाही दार उघडायला कायद्यातले शब्द लागले, हे आपण लक्षात ठेवू.

पाचच वर्षांनी, १९७५ मध्ये, सात न्यायाधीशांच्या पीठापुढे पुन्हा महाराष्ट्राचे प्रकरण आले. मुंबईच्या फौजदारी न्यायालयाबाहेर पक्षकारांना ओढून नेणाऱ्या वकिलांविरुद्धची कारवाई उलटली होती, आणि राज्याच्या बार कौन्सिलला वर जायचे होते. या वेळी न्यायालयाने दार उघडले. व्यवसायाची शुचिता राखणे हे ज्या संस्थेचे कर्तव्यच आहे, तिला त्या शुचितेला धक्का लागला की व्यथित म्हणता येईल. म्हणजे कर्तव्यातूनही लोकस जन्मतो. गृहनिर्माण संस्थेने सभासदांच्या सामायिक जागेसाठी अपील करताना हा विचार जरूर मांडावा.

त्याच वर्षीचे तिसरे प्रकरण मला सगळ्यात जवळचे वाटते, कारण त्यातला माणूस आपल्या ओळखीचा आहे. गुजरातेतल्या महेमदाबाद या छोट्या गावात एक चित्रपटगृह होते. दुसऱ्याला नवीन चित्रपटगृहासाठी ना हरकत दाखला मिळाला, आणि पहिला मालक न्यायालयात गेला. न्यायालयाने सांगितले की धंद्यातली मक्तेदारी जाणे ही कायद्याची इजा नव्हे. आणखी एक गोष्ट न्यायालयाने टिपून ठेवली. जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी हरकती मागवल्या, तेव्हा या मालकाने एकही हरकत नोंदवली नव्हती. पहिल्या पायरीवर गप्प बसलेला माणूस शेवटच्या पायरीवर येऊन ओरडला, तर त्याचे ऐकणे अवघड होते.

बाहेरच्याचे झाले, आता आतल्याचे पाहू. सभासद असले म्हणजे प्रत्येक गोष्टीत स्वतंत्र अपील करता येते, हा दुसरा गैरसमज. १९८५ मध्ये पंजाबातल्या सहकारी संस्थांच्या विलीनीकरणाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की माणूस सभासद झाला की संस्थेपुरते त्याचे वेगळे व्यक्तित्व संस्थेत मिसळते. कायद्याने आणि उपविधींनी दिलेत तेवढेच हक्क त्याच्याकडे उरतात. मुंबई उच्च न्यायालयाने पुनर्विकासाच्या वादांत हेच सूत्र लावले: सर्वसाधारण सभेचा ठराव कायम असेपर्यंत अल्पमतातल्या सभासदाला संस्थेच्या विरुद्ध दिशेने चालता येत नाही. आपल्या लेआउटच्या संस्थेने जमिनीच्या मूळ मालकाशी तडजोड केली आणि तुम्हाला ती पटली नाही, तर तडजोडीवर अपील करण्यापेक्षा ज्या ठरावाने ती मान्य झाली त्या ठरावालाच कलम ९१ खाली आव्हान द्या. आणि त्या सभेत विरोधाचे मत इतिवृत्तात लिहून घ्या. हात वर केला होता असे सांगून भागत नाही.

भाडेकऱ्याची गोष्ट आणखी निराळी. संस्थेचा सभासद नसलेल्या साध्या भाडेकऱ्याला संस्थेच्या कारभारावर सहसा बोलता येत नाही. पण १९८२ मध्ये मुंबईतल्या एका सदनिकेच्या प्रकरणात, संस्थेने नाममात्र सभासद करून घेतलेल्या वापरकर्त्याचा वाद कलम ९१ मध्ये बसतो असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. नाममात्र सभासदत्व हा पावतीपुरता उपचार समजून सही करू नका. त्या सहीने तुम्ही त्या कलमाच्या यादीत येता, हक्कासाठीही आणि जबाबदारीसाठीही.

आता वारसांचे. घरोघरी खोळंबलेला हा विषय. बाप सभासद होता, त्याने नामनिर्देशन थोरल्या मुलाचे केले. बाप गेला, संस्थेने मुलाचे नाव लावले. मुलगी तुमसरला सासरी. तिला वाटते भावाचे नाव लागले म्हणजे संपले. भावालाही तसेच वाटते. दोघांचेही चूक आहे. २०१९ मध्ये अधिनियमात गृहनिर्माण संस्थांसाठी स्वतंत्र प्रकरण घातले गेले, आणि त्यातले कलम १५४ब-१३ सांगते की नामनिर्देशित व्यक्तीला तात्पुरता सभासद म्हणून घ्यायचे. वारसा कायद्याने किंवा मृत्युपत्राने ज्यांचा हक्क ठरेल ते सभासद होईपर्यंतच. नामनिर्देशित माणूस किल्ली सांभाळणारा आहे, घराचा एकटा धनी नव्हे. मुलगी मृत सभासदामार्फत हक्क सांगणारी असल्याने कलम ९१ खाली येऊ शकते. तिने सभासदत्वाचा अर्ज केला आणि तो नाकारला तर कलम २३ चे अपील तिच्या स्वतःच्या नावाचे आहे. मालकीचा मूळ वाद मात्र दिवाणी न्यायालयातच सुटतो. मला अशा बहिणींना कळकळीने सांगायचे आहे: भावाशी बोलणे चालू ठेवा, राखी बांधा, पण संस्थेला एक अर्ज आजच द्या. अर्ज दिला म्हणजे भांडण मांडले असे होत नाही. अर्ज नसेल तर उद्या तुम्ही कोण, हे सांगणारा एकही कागद संस्थेच्या दप्तरात नसतो.

अपील लिहिताना एक काम बहुतेकांकडून राहून जाते. निकाल कसा चुकला यावर पंधरा पाने लिहिली जातात आणि अपीलकर्ता कोण यावर अर्धी ओळ. हे उलटे करायला हवे. पहिल्याच परिच्छेदात लिहा: मी अमुक संस्थेचा अमुक क्रमांकाचा सभासद, किंवा सभासदामार्फत हक्क सांगणारा, खालच्या कार्यवाहीत मी पक्षकार होतो, किंवा नव्हतो म्हणून अनुमती मागतो, या आदेशाने माझा अमुक हक्क अमुक प्रकारे बाधित झाला, आदेश मला अमुक तारखेला मिळाला. सोबत 'आय' नमुन्यातल्या सभासद नोंदवहीचा उतारा, भागपत्राच्या दोन्ही बाजूंची नक्कल आणि आदेश आला त्या पाकिटाचा टपालाचा शिक्का जोडा. पाकीट फेकू नका. आदेश तुम्हाला कधी मिळाला, याचा तो पुरावा असतो. उशीर झालाच असेल तर विलंब माफीचा अर्ज कारणासह वेगळा द्या.

हे प्रकरण वाचून झाल्यावर घरातले भागपत्र बाहेर काढा आणि त्याची मागची बाजू पाहा. तिथे तुमचे नाव नसेल, तर या आठवड्यात संस्थेच्या सचिवांना सभासदत्वाचा अर्ज द्या आणि दुसऱ्या प्रतीवर तारीख, सही आणि शिक्का घ्या. सचिवांनी अर्ज घ्यायला नकार दिला, तर तोच अर्ज स्पीड पोस्टाने पाठवा आणि पोचपावती जपून ठेवा.